चार नंबरचा तंबू

वहीच्या डाव्या पानावर काजू,
उजव्या पानावर तंबू.
सासऱ्यांच्या वेळची लांबट वही, लाल कापडी पुठ्ठ्याची.
रविवारी दुपारी शेवटची गाडी वाळपईकडे उतरली
की मी दोन्ही पानांचा मेळ घालायला बसते.

चार नंबरवर सावली धरणारा काजू
गेल्या मोसमात सात किलो बिया देऊन गेला.
भाव एकशे बारा. सातशे चौऱ्याऐंशी रुपये, वर्षाचे.
त्याच्या खालचा तंबू
एका शनिवारच्या रात्रीचे बाराशे घेतो.
झाडाला हे अजून कुणी सांगितलेलं नाही.

तुळशीदास म्हणतात, वरची आठ झाडं काढू,
गाड्या लावायला जागा होईल.
मी म्हणते, काढा. आणि एप्रिलात
भर बाराला त्या कापडात आधी तुम्ही बसून दाखवा.
विषय तिथे थांबतो.
दर महिन्याला तिथेच थांबतो.

सात तंबू अठ्ठावन्न हजारांत आले.
दोन संडास आणि टाकी, एक लाख नव्वद.
फोनवर पहिला प्रश्न, कमोड आहे ना?
दुसरा, रेंज येते का?
तिसरा, पण अगदी जंगलात आहे ना, नक्की?

पहिल्या वर्षी कॉलेजची मुलं यायची,
एका तंबूत सहा जण, पिशवीत पाव.
आता गादी लागते,
गादीला पांढरी चादर, चादरीवर चाफ्याची दोन फुलं.
तंबूला खिडकी आली, मग दार, दाराला कडी.
आणखी एक वर्ष, आणि पंचायत घरपट्टी मागेल.

हुबळीचे अंगडी मात्र टपावर तंबू घेऊनच येतात.
चूल त्यांची, तांदूळ त्यांचे, दिवाही त्यांचा.
आमची नुसती जमीन, आणि नळ.
चारशे.
निघताना बाईंनी पेढ्यांचा पुडा हातात ठेवला,
तो कुठल्या रकान्यात लिहायचा ते अजून ठरत नाही.

बोंडू वेचायला गेल्या साली बाया सांगितल्या,
पाचशे रुपये रोज.
यंदा त्याच उतारावर पुण्याची दोन जोडपी
माणशी साडेतीनशे भरून बोंडू वेचून गेली.
अनुभव म्हणतात त्याला.
अर्धी पाटी भरली, त्यातले निम्मे हिरवे.
सुकांती फांदीला टेकून हसत होती,
मग हसायची थांबली.
"वयनी, पुढच्या वर्षी मीही पैसे भरायचे काय?"

त्याच आठवड्यात कुणीतरी लिहून टाकलं,
आभाळ होतं, तारे दिसले नाहीत.
पाचपैकी दोन तारे.
अ‍ॅपवाल्यांनी त्या रात्रीचेही
शंभराला अठरा कापून घेतलेच.

सोमवार ते गुरुवार सातही तंबू रिकामे.
तरी सौर दिवे आपोआप लागतात,
कुणी नसलेल्या पायवाटेवर.

परवा मंगळवारी चार नंबरची अडकलेली चेन
बघायला म्हणून गेले, आणि पाठ टेकली.
घर दोनशे पावलांवर.
एकोणीस वर्षांत त्या घराबाहेर, माहेर सोडून,
मी कुठे झोपले नव्हते.
खालच्या भट्टीचा वास वर चढत होता.
एक बोंडू कापडावर पडला, ठप्प,
आणि उतरणीवरून घरंगळत गेला.
मग बऱ्याच वेळाने दुसरा.
बियांचा हिशोब करायला घेतला होता,
किलोला किती, पोत्याला किती…
कुठे सुटला कळलं नाही.

सकाळी उजव्या पानावर लिहिलं:
मंगळवार. चार नंबर. माणूस एक.
पुढचा रकाना मोकळाच ठेवला.

तुळशीदासांनी चष्मा वर सरकवून विचारलं,
मधल्या वारी कोण आलं होतं?
म्हटलं, होती एक, ओळखीतली.
कमोडचं काही विचारलं नाही तिने.